खाडी आटते तेव्हा

वाचकहो, कोल्हापूरच्या टाऊन हॉलच्या बागेत जे वस्तुसंग्रहालय आहे, तेथे आपल्यापैकी अनेकजण गेले असतील. अंबाबाईचे दर्शन झाले, रंकाळा पाहिला, की पाहुण्यांना घेऊन माणूस तिकडे वळतोच. तेथे वीतभरही उंच नसलेली एक ब्राँझची मूर्ती आहे. पोसायडन तिचे नाव. हा ग्रीक लोकांचा समुद्रदेव. १९४४-४५ च्या सुमारास पंचगंगेच्या काठी ब्रह्मपुरीच्या टेकडीवर प्राचीन ब्राँझच्या वस्तू मिळाल्या, त्यांत हा देव होता. पुढे १९४५-४६ साली डॉ. सांकळिया आणि डॉ. दीक्षित यांनी तेथे पद्धतशीर उत्खनन केले आणि सातवाहन काळातली एक नांदती वसाहत उजेडात आली.

आता प्रश्न असा, की समुद्राचा देव आपल्या कोल्हापुरात कशाला आला? इथे समुद्र नाही. आपली पंचगंगाही पश्चिमेला न जाता पूर्वेला वाहते, कृष्णेला मिळते. मधे सह्याद्रीची भिंत उभी. तरीही हा देव आला, याचा अर्थ दोन हजार वर्षांपूर्वी कोल्हापूर समुद्राला कुठल्या तरी वाटेने जोडलेले होते. त्या वाटेची, आणि ती वाट कशी बुजली याची, हकीगत आज आपल्याला पाहायची आहे.

कोकणचा नकाशा डोळ्यांसमोर आणा. समुद्र जमिनीत जागोजागी शिरला आहे. नदी डोंगरावरून उतरते, समुद्र भरतीबरोबर आत येतो, आणि दोघांची गाठ पडते तिथे उथळ, खाऱ्या पाण्याचा लांबलचक पट्टा तयार होतो. त्याला आपण खाडी म्हणतो. खाडीच्या दोन्ही अंगांना चिखलाची सपाट जमीन असते. भरतीला ती बुडते, ओहोटीला उघडी पडते. तिथे तिवर, चिपी अशी खारट पाण्यात जगणारी झाडे वाढतात. त्यांच्या मुळांत कोळंबी, खेकडे, माशांची पिल्ले वाढतात. दिसायला ही जमीन ओसाड. कुणी तिला दलदल म्हणतो, कुणी खाजण म्हणतो. पण खाडीचा जीव तिथेच असतो. हे लक्षात ठेवा, पुढे याची गरज लागणार आहे.

जुन्या काळी बंदरे समुद्राच्या तोंडावर फारशी नसत. ती खाडीत आत, पार टोकाशी असत. सोपारे, कल्याण, महाड, राजापूर, खारेपाटण ही नावे पाहा. यात शहाणपण होते. एक तर आत वादळाचे भय कमी. दुसरे, भरती गलबताला फुकट आत ओढून नेते आणि ओहोटी फुकट बाहेर काढते. बैलाच्या पाठीवर माल लादून नेणे महाग पडते. म्हणून पाण्याने जेवढे आत जाता येईल तेवढे जायचे, आणि मग घाट चढायला तांडा जोडायचा. म्हणजे खाडीचे टोक आणि घाटाचे तोंड यांची जोडी होती. प्रत्येक घाटाला खाली एक बंदर आणि वर एक पेठ.

या बंदरांत सर्वांत मानाचे म्हणजे सोपारे, आजचे नालासोपारा. महाभारतात त्याचे नाव शूर्पारक असे येते. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीक भाषक खलाशाने लिहिलेल्या ‘पेरिप्लस’ नावाच्या प्रवासवहीत सोपारे, कल्याण आणि चौल ही तिन्ही बंदरे ओळीने नोंदलेली आहेत. १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी सोपाऱ्यातील ‘बुरूड राजाचा कोट’ नावाच्या टेकाडाचे उत्खनन केले. आत निघाला बौद्ध स्तूप. त्याच्या पोटात दगडी पेटी, पेटीत तांब्याचा करंडा, आणि भोवती बुद्धाच्या मूर्ती. त्याच वर्षी अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा तेथे मिळाला. नवव्या लेखाचा तुकडा १९५६ साली जवळच्या भुईगावात सापडला. सम्राट अशोक आपली आज्ञा जिथे माणसांची वर्दळ असेल तिथेच कोरून ठेवी. सव्वादोन हजार वर्षांपूर्वी सोपाऱ्याला ती वर्दळ होती.

आज सोपाऱ्याला जाल तर आगगाडीने जाल. जुन्या काळी वसई आणि सोपारे यांचा भूभाग खाडीच्या पाण्याने मुख्य जमिनीपासून तुटलेला होता. दक्षिणेला वसईची खाडी, उत्तरेला वैतरणा, आणि दोघींना जोडणारा पाण्याचा पट्टा. तो पट्टा गाळाने भरत गेला. पाणी गेले, चिखल झाला. चिखलाची मिठागरे आणि शेते झाली. पुढे शेतांवर चाळी आणि इमारती उभ्या राहिल्या. बंदराचे गाव पाण्यापासून लांब गेले. खरे म्हणजे गाव जागचे हलले नव्हते. त्याच्या पायाशी येणारे पाणी हटले होते.

आता आपल्या अंगणाकडे वळू. कोल्हापूरहून पश्चिमेला निघालात की गगनबावडा लागतो. तिथून दोन घाट खाली उतरतात, एक करूळचा आणि दुसरा भुईबावड्याचा. भुईबावड्याने उतरलात की वाट खारेपाटणला जाते. आज हे सिंधुदुर्ग जिल्ह्यातले, कणकवली तालुक्यातले, मुंबई-गोवा रस्त्यावरचे एक बाजाराचे गाव आहे. चहासाठी मोटार थांबते, पुढे निघते. पण हे गाव विजयदुर्गच्या खाडीच्या टोकाशी, समुद्रापासून सुमारे पंचवीस मैल आत वसलेले जुने बंदर आहे. नावातच पाहा ना, खारे आणि पाटण! पाटण म्हणजे पट्टण, म्हणजे व्यापाराचे शहर.

खारेपाटणला दोन मोठे ताम्रपट मिळाले. पहिला शके ९३० चा, म्हणजे इ. स. १००८ चा. तो दक्षिण कोकणच्या शिलाहार घराण्यातील रट्टराजाचा. त्याने एका शिवमंदिराच्या पूजाअर्चेसाठी आणि तेथील तपस्व्यांसाठी गावे दिली. शिवाय परदेशाहून येणाऱ्या प्रत्येक जहाजामागे एक गद्याणक सोने लावून दिले. विचार करा, देवळाचा खर्च जहाजांवर! जहाजे नित्य येतात असा भरवसा असल्याशिवाय कोणी राजा असे दान देईल का? हा ताम्रपट प्रथम वाचून प्रसिद्ध केला तो बाळशास्त्री जांभेकरांनी. होय, तेच ‘दर्पण’कार. त्यांचे पोंभुर्ले गाव त्याच मुलखातले, देवगड तालुक्यातले.

दुसरा ताम्रपट शके १०१६ चा, उत्तर कोकणच्या शिलाहार अनंतदेवाचा. त्यात ठाणे, सोपारे, चौल इत्यादी बंदरांतली जकात दोघा भावांना माफ केल्याची नोंद आहे. ते दोघे राजाचे मंत्री आणि पदवीने श्रेष्ठी, म्हणजे शेटजी. सोपाऱ्याची जकात माफ केल्याचा कागद, म्हणजे तांब्याचा पत्रा, खारेपाटणला मिळावा, यावरून किनाऱ्यावरची बंदरे एकमेकांशी किती बांधलेली होती ते कळते.

पुढे हा मुलूख कोल्हापूरच्या शिलाहारांकडे आला. त्यांच्यातला शेवटचा राजा दुसरा भोज, पन्हाळ्यावरून राज्य करणारा. विजयदुर्गचा किल्ला त्यानेच बांधला अशी परंपरा आहे. इ. स. १२१२ च्या सुमारास यादव सिंघणाने त्याचा पराभव केला. पण पन्हाळ्याच्या राजाला खाडीच्या तोंडावर दुर्ग असावा असे वाटले, हे ध्यानात घ्या. वर पन्हाळा, खाली विजयदुर्ग, मधे घाट आणि खाडी. कोल्हापूरचा समुद्राकडचा दरवाजा तो. मराठेशाहीत याच खाडीत आंग्रे आणि धुळप यांचे आरमार राहिले. किल्ल्यापासून आत, गिर्ये गावाच्या हद्दीत, खडक कोरून केलेली जहाजांची गोदी आजही दिसते. तिथे जहाजे बांधली जात, दुरुस्त होत. आज तिच्यात गाळ साचला आहे.

मग ही खाडी भरली कशाने? यात गूढ काही नाही. डोंगरावर पाऊस पडतो. रान दाट असेल तर पाणी झिरपते, माती जागेवर राहते. रान तुटले की मोकळी माती ओढ्याला लागते. ओढा नदीला देतो, नदी खाडीला देते. खाडीत उतार नाही. पाण्याचा वेग मंदावला की माती तळाशी बसते.

पण निसर्गाने यावर एक तोडही ठेवली आहे. भरतीचे पाणी खाडीत आणि दोन्ही बाजूंच्या खाजणांत पसरते. ओहोटी लागली की ते सारे पाणी एकदम परत निघते आणि जाताना तळाचा गाळ घासून नेते. आत जितके जास्त पाणी मावेल, तितका ओहोटीचा जोर जास्त. म्हणजे खाडी स्वतःला स्वतःच झाडून काढते. आता खाजणाला बांध घातला, की त्या जागेत मावणारे पाणी बाहेर राहिले. ओहोटीचा जोर घटला. झाडू दुबळा झाला. केर मात्र वरून येतच राहिला, नव्हे, वाढला.

येथे कोणी म्हणेल, की मग कोकणातल्या शेतकऱ्याने खारबांध घातले ते चुकले का? तसे मी म्हणणार नाही. डोंगराळ मुलखात सपाट जमीन मिळते किती? खाऱ्या पाण्यातून शेत काढून त्यात भात पिकवणे हे पिढ्यान्‌पिढ्यांचे कष्टाचे काम आहे. बांध, त्याला उघडझाप करणारी झडपेची दारे, दरवर्षीची डागडुजी, हे सारे गावाने एकजुटीने करायचे. आजोबांनी घातलेला बांध नातवाचे पोट भरतो. पण बंदराचा हिशेब आणि भाताचा हिशेब एका वहीत कोणी मांडला नाही. एकाची जमा ही दुसऱ्याची नावे होती.

आणि डोंगरावरच्या रानाचे म्हणाल, तर आपल्याकडे त्याचा विचारच नव्हता असे नाही. गगनबावडा ही पंत अमात्यांची जहागीर. रामचंद्रपंत अमात्यांनी १७१५-१६ च्या सुमारास लिहिलेल्या ‘आज्ञापत्रा’त आरमाराचे प्रकरण आहे. त्यात जहाजांना लाकूड हवे, पण ते कसे तोडावे याची स्पष्ट आज्ञा आहे. सागवान वगैरे लागेल ते परवानगीने तोडावे. आंबा, फणस यांना हात लावू नये, कारण ही झाडे वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत, रयतेने ती लेकरांसारखी वाढवलेली असतात, असा त्याचा आशय. हा माणूस घाटमाथ्यावर बसून समुद्राचा विचार करीत होता. डोंगर आणि खाडी ही एकाच घराची माडी आणि अंगण आहेत, हे त्याच्या राज्यनीतीत बसत होते.

खारेपाटणचे बंदर केवळ गाळाने मेले असे म्हटले तर ते अर्धेच सत्य होईल. आगबोटी आल्या, त्या विजयदुर्गला थांबत. आत छोटी गलबते आणि होड्याच येऊ शकत. मग घाटातून गाडीरस्ते झाले, मोटारी आल्या, मुंबई-गोवा रस्ता झाला, १९९८ साली कोकण रेल्वे पूर्ण झाली. माल पाण्यावरून उतरला तो चाकावर चढला. आणि ज्या वाटेने माल जात नाही ती वाट साफ कोण ठेवणार? गाळाने बंदर मागे पडले, आणि बंदर मागे पडल्यावर गाळाकडे पाहायला माणूस उरला नाही. दोन्ही गोष्टी एकमेकींना ढकलत गेल्या.

काही वर्षांपूर्वी विद्यार्थ्यांना घेऊन मी भुईबावडा उतरून तिथे गेलो होतो. बाजारातल्या एका वयस्कर दुकानदाराला विचारले, ‘बाबा, इथे पूर्वी गलबते लागत होती म्हणतात, ती कुठे?’ त्यांनी मालवणीत जे सांगितले ते आपल्या बोलीत असे: ‘मास्तर, आज्यानं गलबतं बघितली. बापानं होड्या बघितल्या. आम्ही काय बघतो म्हणाल, तर पूर.’ आणि त्यांनी दुकानाच्या भिंतीवरची पाण्याची खूण दाखवली. माझ्या छातीच्या वर होती ती.

मुले चक्रावली. एक मुलगा म्हणाला, ‘सर, तुम्ही तर म्हणता खाडी आटली, मग पूर कसा येतो?’ प्रश्न मोठा चांगला होता. मी त्याला म्हटले, घरातली पाण्याची घागर वाळूने अर्धी भरून ठेव आणि मग तिच्यात रोजचे पाणी ओत. घागर तीच, पाणी तेवढेच, पण ते बाहेर सांडेल. खाडी आटते म्हणजे पाऊस कमी होत नाही. पाण्याची जागा कमी होते. उन्हाळ्यात तिथे होडी चालत नाही आणि पावसाळ्यात तिथे बाजार बुडतो. आटणे आणि बुडणे ही एकाच दुखण्याची दोन लक्षणे आहेत. शुक नदीला पूर आला की खारेपाटणच्या बाजारात पाणी शिरते, हे तिथल्या लोकांना दर पावसाळ्याचे झाले आहे.

सोपाऱ्याचेही तेच झाले. जुलै २०१८ मध्ये वसई-नालासोपाऱ्यात पाणी इतके साचले, की रूळ बुडाले, गाड्या थांबल्या, आणि वसईच्या मिठागरांत शेकडो माणसे अडकून पडली. जिथे हजार वर्षांपूर्वी गलबते नांगर टाकीत होती, तिथे पाण्याने आपली जुनी जागा पुन्हा मागितली, एवढाच त्याचा अर्थ. पाण्याची आठवण माणसाच्या आठवणीपेक्षा लांब असते.

अशी उदाहरणे जगात अनेक आहेत. बेल्जियममध्ये ब्रूज नावाचे शहर आहे. एकेकाळी उत्तर युरोपातली ती मोठी व्यापारपेठ. समुद्राकडून तिच्याकडे येणारी झ्विन नावाची खाडी गाळाने भरली आणि इ. स. १५०० च्या आसपास तिचा व्यापार अँटवर्पला गेला. शहर सुंदर राहिले, पण बंदर गेले.

पण सगळेच असे संपते असे नाही. ओडिशातील चिल्का सरोवर हे समुद्राला लागून असलेले विशाल, उथळ, मचूळ पाण्याचे सरोवर. नद्यांच्या गाळाने ते भरत चालले होते. समुद्राकडचे तोंड बुजत चालले, खारे पाणी आत येईना, पाणवनस्पती माजली, मासळी घटली, कोळी कुटुंबे हवालदिल झाली. १९९३ साली जगातल्या धोक्यात आलेल्या पाणथळ जागांच्या यादीत त्याचे नाव गेले. मग अभ्यास करून सप्टेंबर २००० मध्ये समुद्राला नवे तोंड उघडून दिले. भरती-ओहोटी पुन्हा खेळू लागली. मासळी परतली. २००२ साली त्या यादीतून चिल्काचे नाव काढले गेले. म्हणजे खाडी आजारी पडते, तशी ती बरीही होऊ शकते. फक्त तिची नाडी कुठे आहे ते ओळखले पाहिजे. ती नाडी म्हणजे भरती-ओहोटी.

आपल्या राज्यातही जाग आली आहे. १९७१ साली इराणमधील रामसर गावी पाणथळ जागांविषयी जो आंतरराष्ट्रीय करार झाला, त्याच्या यादीत २०१९ मध्ये नाशिक जिल्ह्यातील नांदूर मध्यमेश्वर आणि २०२० मध्ये बुलढाण्याचे लोणार ही ठिकाणे गेली, आणि २०२२ मध्ये ठाण्याची खाडी गेली. त्या खाडीत रोहित पक्षी हजारोंनी उतरतात. तिथल्या अभयारण्याची घोषणा २०१५ साली झाली. कांदळवनांची तोड करणे म्हणजे नागरिकांच्या जगण्याच्या हक्कावर घाला आहे, असा निवाडा मुंबई उच्च न्यायालयाने २०१८ मध्ये दिला. ज्या जमिनीला आपण ओसाड दलदल म्हणत होतो, तिला आता कायद्याने जीव आहे.

शेवटी पुन्हा कोल्हापूर. कोणी म्हणेल, आमच्या गावात खाडी नाही, आम्हाला काय त्याचे? वाचकहो, कपिलतीर्थाची मंडई आपण रोज पाहतो. तिच्या नावातले तीर्थ कुठे आहे? गांधी मैदान म्हणजे पूर्वीचे वरुणतीर्थ. ही तळी होती. ती बुजली आणि तिथे बाजार आणि मैदान झाले. मोठा पाऊस झाला की गांधी मैदानात तळे साचते आणि आपण पालिकेला बोल लावतो. २०१९ आणि २०२१ च्या महापुरात पंचगंगा जिथे जिथे शिरली, त्या जागांची जुनी नावे विचारून पाहा. मळी, डोह, पाणंद, तळे अशी नावे निघतील. आपल्या पूर्वजांनी जमिनीच्या नावातच सूचना लिहून ठेवली होती. आपण नाव ठेवले आणि सूचना विसरलो.

शिक्षकबंधूंना आणि भगिनींना माझी एक विनंती आहे. एका शनिवारी मुलांना घेऊन गावात फिरा. गावातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारा, की तुमच्या लहानपणी पाणी कुठे कुठे होते. कुठे पोहत होता, कुठे म्हशी धूत होता, कुठे मासे धरत होता. त्या जागा गावाच्या नकाशावर मुलांकडून निळ्या खडूने रंगवून घ्या. मग आज तिथे काय आहे ते तांबड्या खडूने लिहा. हा नकाशा शाळेच्या भिंतीवर टांगा आणि ग्रामसभेच्या दिवशी तो पंचांना दाखवा. कुठली जागा बुजवायची नाही, हे त्यावरून शेंबड्या पोरालाही कळेल. इतिहासाचा तास याहून चांगला होणार नाही.

आणि कोल्हापूरला याल तेव्हा त्या समुद्रदेवाला जरूर भेटा. दोन हजार वर्षांपूर्वी तो पाण्यावरून आला आणि घाट चढून इथपर्यंत पोहोचला. आज तो निघाला, तर खाडीच्या टोकाशी त्याची होडी चिखलात रुतेल. ती वाट त्याच्यासाठी आपण पुन्हा खुली करू शकू की नाही, ते सांगता येत नाही. पण पाण्याच्या ज्या जागा अजून उरल्या आहेत, त्या पुढच्या पिढीला पाण्याच्याच जागा म्हणून द्यायच्या, एवढे मात्र आपल्या हातात आहे.